चंद्रपूरच्या कोळशाखालचा बर्फ

१८७२ मध्ये भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे प्रमुख थॉमस ओल्डहॅम आणि त्यांचे सहकारी फ्रान्सिस फेडन यांनी तेव्हाच्या चांदा जिल्ह्यात, पैनगंगेच्या पात्रात इरई गावाजवळ, एक चमत्कारिक थर पाहिला. बारीक चिखलाच्या खडकात लहान खड्यांपासून मोठ्या धोंड्यांपर्यंत सगळ्या आकारांचे दगड वाटेल तसे रुतून बसले होते. काही दगडांच्या बाजू घासून सपाट झाल्या होत्या आणि त्यांवर ओरखडे होते. हा थर ज्या जुन्या चुनखडीवर पसरला होता, तिचा पृष्ठभागही गुळगुळीत झालेला होता आणि त्यावर एकाच दिशेने गेलेल्या समांतर रेघा होत्या. जिथे उन्हाळ्यात पारा ४५ अंशांच्या वर जातो, त्या चंद्रपूरच्या मातीत हिमनदीने आपली सही करून ठेवली होती.

ही सही वाचायची कशी, ते आधी समजून घेतले पाहिजे, कारण पुढची सारी गोष्ट अशाच वाचनावर उभी आहे. नदी दगड वाहून नेते तेव्हा ती निवड करत जाते. प्रवाहाचा जोर जिथे कमी होतो तिथे आधी मोठे गोटे थांबतात, मग वाळू, आणि पाणी जवळजवळ स्थिर झाल्यावरच गाळ खाली बसतो. म्हणून नदीने घातलेल्या थरात साधारण एका आकाराचे कण एकत्र सापडतात आणि गोटे सर्व बाजूंनी गोल झालेले असतात. हिमनदी मात्र घन असते. तिच्या अंगात अडकलेला धोंडा आणि पिठासारखी भुकटी एकाच वेगाने पुढे सरकतात आणि बर्फ वितळला की जिथल्या तिथे एकत्रच खाली पडतात. तळाशी अडकलेले दगड खालच्या खडकावर घासले जातात, त्यामुळे त्यांची एक बाजू सपाट होते आणि खालच्या खडकावर हिमनदीच्या वाटचालीच्या दिशेने रेघा उमटतात. दरडीसारखा कोसळलेला चिखलही मोठे-लहान दगड एकत्र आणून टाकू शकतो, ही शंका रास्त आहे; परंतु सपाट घासलेले दगड, त्यांवरचे ओरखडे आणि खालच्या खडकावरच्या समांतर रेघा ही तिन्ही चिन्हे एकाच ठिकाणी आढळली की शंकेला फारशी जागा उरत नाही.

ओडिशातील तालचेरजवळ अशाच थराचा अभ्यास करून ब्लॅनफर्ड बंधूंनी १८५६ मध्येच बर्फाची कल्पना मांडली होती, आणि त्या गावावरून या थराला तालचिर हे नाव मिळाले. पण उष्ण कटिबंधात बर्फ, ही गोष्ट पचायला अवघड होती. इरईच्या रेघांनी तिला भक्कम आधार दिला. तेव्हा हे कोणाच्या ध्यानात येणे शक्य नव्हते, की त्या काळी ही भूमी उष्ण कटिबंधात नव्हतीच. सुमारे ३० कोटी वर्षांपूर्वी भारताचा हा तुकडा दक्षिण गोलार्धात फार खाली, अंटार्क्टिका, ऑस्ट्रेलिया, मादागास्कर आणि आफ्रिका यांना चिकटून होता. खडकात लोहयुक्त खनिजांचे जे सूक्ष्म कण असतात, ते खडक तयार होताना त्या वेळच्या पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राच्या दिशेनुसार रचले जातात. ध्रुवाजवळ हे क्षेत्र जमिनीकडे तीव्रपणे झुकलेले असते आणि विषुववृत्तावर आडवे असते. त्यामुळे गोठून राहिलेल्या त्या दिशेवरून खडक कोणत्या अक्षांशावर जन्मला, हे विसाव्या शतकात मोजता येऊ लागले.

या जोडलेल्या दक्षिण खंडाचे नाव आपल्याच परिसरातून गेले आहे, याचा उल्लेख केल्यावाचून राहवत नाही. मध्य भारतातील या खडकांना हेन्री बेनेडिक्ट मेडलिकॉट यांनी १८७२ मध्ये गोंड राज्यांच्या भूमीवरून ‘गोंडवन’ हे नाव दिले, १८७६ मध्ये ओटोकार फाइस्टमान्टेल यांच्या लेखनातून ते छापले गेले, आणि ऑस्ट्रियाचे भूवैज्ञानिक एडुआर्ड झ्यूस यांनी १८८५ मध्ये ते उचलून साऱ्या दक्षिण खंडाला लावले. चांद्याचे गोंड राजे ज्या भूमीवर राज्य करत होते, तिचे नाव आज दक्षिण आफ्रिका आणि ऑस्ट्रेलियातील शाळकरी मुलेही शिकतात.

इरईजवळचा थर आणखी एका कारणासाठी विचार करायला लावतो. खालची चुनखडी सुमारे शंभर कोटी वर्षांच्या घरातील आहे आणि तिच्यावर टेकलेला बर्फाचा थर सुमारे ३० कोटी वर्षांचा. या दोहोंमधील सीमारेषेवर हात ठेवला, तर त्या तळव्याखाली जवळजवळ ७० कोटी वर्षे असतात, आणि त्यांचा एकही थर तिथे उरलेला नाही. एक तर त्या काळात तिथे गाळ साचला नाही, किंवा साचलेला पुढे झिजून गेला. भूवैज्ञानिक अभिलेख म्हणजे एखादी अखंड बखर असावी अशी आपली समजूत असते. वास्तवात ती वाळवीने खाल्लेली, पाने गळालेली पोथी आहे. एका गावातील हरवलेले पान दुसऱ्या खंडात सापडते आणि अशी पाने जुळवूनच ती वाचावी लागते.

महाराष्ट्रात तर या पोथीवर फार मोठे झाकण पडले आहे. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी, म्हणजे डायनोसॉरांच्या अखेरच्या काळात, दख्खनच्या लाव्हाने राज्याचा बहुतेक भाग झाकून टाकला. सह्याद्रीत किंवा मराठवाड्यात आपण ज्या काळ्या पाषाणावर उभे असतो, तो या लेखातील प्रत्येक जीवापेक्षा कितीतरी तरुण आहे. पूर्व विदर्भात मात्र वर्धा, पैनगंगा आणि प्राणहिता यांच्या खोऱ्यांत हे झाकण सरकलेले आहे. म्हणून डायनोसॉरांच्या आधीचे जमिनीवरचे जीवन या राज्यात पाहायचे, तर नागपूर, यवतमाळ, चंद्रपूर आणि गडचिरोली या जिल्ह्यांतच पाहावे लागते.

‘डायनोसॉरांच्या आधी’ हा काळ एखाद्या प्रस्तावनेसारखा छोटा असेल, असे वाटणे साहजिक आहे. जमिनीवरच्या वनस्पतींच्या पहिल्या खुणा, म्हणजे त्यांचे सूक्ष्म बीजाणू, सुमारे ४७ कोटी वर्षांपूर्वीच्या खडकांत सापडतात. डायनोसॉरांचे सर्वांत जुने निश्चित सांगाडे सुमारे २३ कोटी वर्षांपूर्वीचे आहेत. याचा अर्थ असा, की जमिनीवर पहिली हिरवळ आल्यापासून पहिला डायनोसॉर येईपर्यंत जेवढा काळ लोटला, जवळजवळ तेवढाच काळ तेव्हापासून आजच्या दिवसापर्यंत लोटला आहे.

या काळाचा पहिला भाग आपल्या खडकांत नाही, तो इतर देशांत शोधावा लागतो. स्कॉटलंडमधील ऱ्हायनी या खेड्याजवळ सुमारे ४० कोटी वर्षांपूर्वी गरम झऱ्यांच्या पाण्यातील सिलिकाने एक आख्खी दलदल जागच्या जागी गोठवली. विल्यम मॅकी या डॉक्टरांना १९१२ मध्ये सापडलेल्या त्या दगडाचे पातळ काप सूक्ष्मदर्शकाखाली धरले, की वीतभर उंचीच्या बिनपानांच्या वनस्पतींच्या पेशी, त्यांच्यात वाढलेली बुरशी आणि आसपास वावरणारे कोळ्यांचे दूरचे नातलग स्पष्ट दिसतात. कॅनडाच्या उत्तरेतील एल्समियर बेटावर २००४ मध्ये सापडलेला टिकटालिक हा सुमारे ३७.५ कोटी वर्षांपूर्वीचा मासा. त्याच्या पुढच्या परांमध्ये मनगटाच्या हाडांची सुरुवात झालेली होती. कॅनडातीलच जॉगिन्सच्या कड्यांमध्ये गाळात उभ्या गाडल्या गेलेल्या पोकळ खोडांत हायलोनोमस नावाच्या सरड्याएवढ्या प्राण्याची हाडे मिळाली. हा सर्वांत जुन्या ज्ञात सरीसृपांपैकी एक मानला जातो. कवचाचे किंवा चिवट आवरणाचे अंडे जमिनीवर घालता येऊ लागल्यामुळे पिलांसाठी पाण्याकडे परत जाण्याची सक्ती या वंशाला उरली नाही.

जॉगिन्सची ती जंगले विषुववृत्ताजवळची होती. युरोप आणि अमेरिकेचा बराचसा दगडी कोळसा त्यांचाच. तिथे दोन मीटरहून लांब गोमेसारखे प्राणी सरपटत होते आणि ज्यांच्या पंखांचा विस्तार सुमारे दोन फुटांचा होता, असे चतुरांचे नातलग उडत होते. हवेतील कार्बन डायऑक्साइड शोषून ही झाडे वाढत गेली आणि कुजण्याआधीच चिखलात गाडली गेली, त्यामुळे हवेतील हा वायू कमी झाला आणि पृथ्वी थंडावण्यास त्याने हातभार लावला. विषुववृत्तावर घनदाट दलदलीची जंगले उभी होती आणि त्याच काळात दक्षिणेकडे गोंडवनावर बर्फाचे थर चढत होते. इरईच्या चुनखडीवरील रेघा त्या दुसऱ्या टोकाच्या आहेत.

पुढे बर्फ वितळला. तालचिर थराच्या वरच्या भागात बारीक हिरवट शेल, म्हणजे चिखल दाबून झालेला पापुद्र्यांचा खडक, येतो; तो हिमनदीच्या पुढ्यात साचलेल्या तळ्यांतील शांत गाळ. वितळलेल्या पाण्याने समुद्राची पातळी वाढली आणि मध्य भारतात समुद्राचा फाटा आत शिरला. मध्य प्रदेशातील उमरिया आणि छत्तीसगडमधील मनेंद्रगढ येथे त्या थंड समुद्रातील शिंपले आजही खडकात दिसतात. मग उघड्या पडलेल्या ओल्या भूमीवर एक झाड आले आणि पुढची सुमारे चार कोटी वर्षे त्याने दक्षिण गोलार्धावर राज्य केले.

त्या झाडाचे पान चंद्रपूरच्या खाणींमध्ये काम करणाऱ्या अनेकांनी पाहिलेले असणार, जरी त्याचे नाव त्यांना ठाऊक नसले तरी. करड्या शेलची चीप फुटली, की तिच्यावर जिभेच्या आकाराचा, मध्ये ठळक शीर आणि दोन्ही बाजूंना जाळीदार बारीक शिरा असलेला ठसा दिसतो. फ्रान्सचे आदोल्फ ब्रोन्यार यांनी १८२८ मध्ये त्याला ‘ग्लॉसोप्टेरिस’ म्हटले, ग्रीक भाषेत जिभेसारखे नेचे. नावातील पहिला अर्धा भाग अचूक आहे, दुसरा चुकला. हे नेचे नव्हते. दक्षिण आफ्रिकेतील एडना प्लमस्टेड यांनी १९५२ मध्ये या पानांनाच जोडलेले बीजधारक अवयव दाखवून दिले आणि ग्लॉसोप्टेरिस हा बी धरणारा वृक्ष होता, हे निश्चित झाले. त्याच्या मुळांचे जीवाश्म पाठीच्या मणक्यांसारखे दिसतात म्हणून त्यांना वर्टेब्रारिया हे वेगळे नाव पडले होते. त्या मुळांमध्ये हवेच्या पोकळ्यांची रांग असे, आणि पाणथळ चिखलात, जिथे मुळांना श्वास घेणे कठीण, तिथे हे झाड तिच्यामुळेच तगून राहत असे. पाने एकावर एक ढिगाने सापडतात आणि खोडांत स्पष्ट वार्षिक वलये असतात. यावरून थंडीत पानगळ होत असावी, असे अनुमान निघते. पळसाची पाने गळून रानात जसा थर साचतो, तसेच काहीसे ते जंगल वर्षातून एकदा दिसत असेल, फक्त तिथे पानगळीनंतर दीर्घ, अंधारी थंडी येत असे.

हेच पान दक्षिण अमेरिका, दक्षिण आफ्रिका, मादागास्कर, ऑस्ट्रेलिया आणि अंटार्क्टिका येथेही मिळते. दक्षिण ध्रुवावरून परतताना १९१२ मध्ये मृत्यू पावलेल्या रॉबर्ट स्कॉट यांच्या तुकडीने शेवटपर्यंत ओढत आणलेल्या सुमारे १६ किलो दगडांमध्ये ग्लॉसोप्टेरिसची पाने होती. अन्न आणि इंधन संपत आलेले असतानाही त्या माणसांनी हे दगड फेकून दिले नाहीत, ही गोष्ट मला विज्ञानाच्या इतिहासातील अत्यंत हृदयस्पर्शी गोष्टींपैकी एक वाटते. हजारो किलोमीटरचा समुद्र ओलांडणे या झाडाच्या बियांना शक्य नव्हते. म्हणून एके काळी असे मानले जात होते, की खंडांना जोडणारे विस्तीर्ण भूभाग पुढे समुद्रात बुडाले असावेत. आल्फ्रेड वेगेनर यांनी भूभाग बुडाले नसून खंडच एकमेकांपासून दूर सरकले, असे मांडले, आणि ग्लॉसोप्टेरिसचा प्रसार हा त्यांच्या पुराव्यांपैकी एक होता.

आता प्रश्न असा, की पाने आणि लाकूड यांचा कोळसा होतोच कसा? जमिनीवर पडलेले पान सहसा काही महिन्यांत कुजते, कारण बुरशी आणि जिवाणू हवेतील प्राणवायूच्या मदतीने त्याचे विघटन करतात. साचलेल्या पाण्याखाली प्राणवायू पोहोचत नाही, विघटन अर्धवट राहते आणि तपकिरी, भुसभुशीत असे पीट साचत जाते. पण नुसती दलदल पुरत नाही. तिच्याखालची जमीन हळूहळू खचत राहावी लागते, नाहीतर काही मीटर पीट साचल्यावर दलदल भरून जाते आणि प्रक्रिया तिथेच थांबते. वर्धा-गोदावरी खोऱ्यात हे घडले, कारण भूकवचातील जुन्या कमकुवत रेषांवर वायव्य-आग्नेय दिशेची एक लांब पट्टी खचत होती. खचण्याचा वेग आणि पीट साचण्याचा वेग बरोबरीने चालला, तर जाड थर तयार होतो. खचणे वाढले, तर तळे होते आणि कोळशाऐवजी शेल साचतो. नदीने पात्र बदलले, तर वरून वाळू येते. वर्धा खोऱ्यात एकच अतिशय जाड थर आहे आणि तो ठिकठिकाणी शेलच्या पट्ट्यांनी दुभंगतो, त्यामागे हाच खेळ आहे. वणी, घुग्गुस, माजरी, बल्लारपूर, राजुरा येथील खाणी याच, झारखंड-बंगालमधील नदीवरून ‘बराकर’ म्हटल्या जाणाऱ्या, सुमारे २८ कोटी वर्षांपूर्वीच्या थरावर चालतात. वर शेकडो मीटर गाळ चढला, दाब आणि उष्णता वाढली, पाणी आणि वायू बाहेर पडले, आणि कित्येक मीटर पीटचे आक्रसून एखादा मीटर कोळसा उरला.

भारतीय कोळशात राख फार, ही तक्रार सर्वांना माहीत आहे. वीजकेंद्रांत वापरल्या जाणाऱ्या कोळशात ती अनेकदा ३० ते ४० टक्के असते. तिचे मूळही त्या दलदलीतच आहे. पूर येत, नद्या गाळ आणि वाहून आलेला पालापाचोळा घेऊन दलदलीत पसरत, आणि बारीक चिकणमाती पीटमध्ये इतकी एकजीव होत असे, की ती आज धुऊनही पुरती निघत नाही. या कोळशात गंधक मात्र कमी असते. समुद्राच्या पाण्यातील सल्फेट पीटमध्ये गंधक वाढवते, आणि या दलदली बहुतांशी गोड्या पाण्याच्या होत्या. चंद्रपूरच्या वीजकेंद्राबाहेर पडणारी राख ही त्या अर्थाने पर्मियन काळातील, म्हणजे सुमारे ३० ते २५ कोटी वर्षांपूर्वीच्या, एखाद्या पुराचा गाळ आहे.

एका खाणीतील थर दुसऱ्या खाणीतील कोणत्या थराशी जुळतो, हे पानांवरून नेहमी ठरत नाही. तिथे परागकण उपयोगी पडतात. परागकणाचे बाह्य आवरण इतके चिवट असते, की खडक तीव्र आम्लांत विरघळवला तरी ते शिल्लक राहते. चिमूटभर कोळशात किंवा शेलमध्ये हजारो कण मिळतात. ग्लॉसोप्टेरिसच्या कुळातील परागांना दोन बाजूंना हवेच्या पिशव्या आणि अंगावर पट्टे असतात. काळाप्रमाणे कणांच्या जातींचे प्रमाण बदलत जाते आणि त्या बदलाच्या क्रमावरून थर जुळवता येतात. लखनौ येथील बिरबल साहनी यांच्या नावाच्या पुराजीवविज्ञान संस्थेने गोंडवन कोळशाच्या बाबतीत हे काम अनेक दशके केले आहे. वर्षांचा आकडा मिळवण्यासाठी मात्र ज्वालामुखीची राख हवी, कारण राखेतील झिरकॉनच्या स्फटिकांमध्ये युरेनियमचे शिशात होणारे रूपांतर घड्याळासारखे मोजता येते. ऑस्ट्रेलिया आणि दक्षिण आफ्रिकेत परागकणांच्या थरांलगतच अशी राख सापडते. तिथले आकडे परागांच्या आधाराने इकडे आणले जातात.

आणि प्राणी? बराकरच्या इतक्या प्रचंड कोळशात हाडे जवळजवळ मिळतच नाहीत. त्या जंगलात प्राणी नव्हते, असा निष्कर्ष यावरून काढणे चूक ठरेल. दलदलीचे पाणी आम्लधर्मी असते. त्यात पान टिकते, पण हाडातील कॅल्शियम विरघळून जाते. उलट, कधी कोरड्या पडणाऱ्या, हवा खेळत्या लाल मातीत पाने कुजून जातात आणि हाडे टिकतात. त्यामुळे खडकांच्या पोथीत झाडांची पाने एका प्रकरणात आणि प्राण्यांची दुसऱ्या प्रकरणात आली आहेत, आणि दोन्ही एकत्र नांदत होते, हे आपल्याला तर्कानेच जोडावे लागते. ज्याला हे एकदा उमगले, तो जीवाश्म न सापडण्याला पुरावा मानताना दहा वेळा विचार करतो.

हाडांचे प्रकरण उघडते ते प्राणहितेच्या पलीकडे, आजच्या तेलंगणात. कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेतील टी. एस. कुट्टी यांनी १९७२ मध्ये कुंदारम येथील लाल चिखलखडकांतून पर्मियनच्या उत्तरार्धातील प्राण्यांची नोंद केली. त्यांत सर्वाधिक आहेत ते डायसिनोडॉन्ट गटातील शाकाहारी प्राणी. यांतील कित्येकांना कासवासारखी चोच आणि वरच्या जबड्यात दोन सुळे असत, आणि गटाच्या नावाचा अर्थही ‘दोन कुत्र्याचे दात’ असाच आहे. येथील एन्डोथायोडॉनला मात्र चोचीच्या आत दातांच्या रांगा होत्या, तर छोटा सिस्टेसेफॅलस जमीन उकरणारा होता. त्यांच्यावर जगणारा, सुरीसारख्या सुळ्यांचा गॉर्गोनॉप्सियन हा शिकारीही त्या थरात आहे. हेच प्राणी दक्षिण आफ्रिकेच्या कारू प्रदेशातही सापडतात, आणि म्हणूनच कुंदारमचे वय ठरवता आले.

हे प्राणी पाहून कोणीही त्यांना डायनोसॉर म्हणेल, परंतु ते त्यांचे जवळचे नातेवाईकसुद्धा नाहीत. त्यांच्या कवटीत डोळ्यामागे प्रत्येक बाजूला एकच पोकळी असे, जिच्यातून जबड्याचे स्नायू जात. पक्षी, मगरी आणि डायनोसॉर यांच्या वंशात अशा दोन पोकळ्या असतात. एक पोकळी असलेल्या वंशातूनच पुढे सस्तन प्राणी निर्माण झाले. आपल्या गालाच्या हाडामागे, कानशिलापाशी बोट ठेवून दात आवळले असता जो स्नायू फुगतो, तो त्याच पोकळीच्या जागेचा वारसदार आहे. मुलांच्या खेळण्यांत डायनोसॉरांबरोबर विकला जाणारा, पाठीवर शिडासारखा पंखा असलेला डायमेट्रोडॉनही याच वंशातील आहे. तो पहिल्या डायनोसॉरच्या आधी सुमारे चार कोटी वर्षे नामशेष झाला होता. पर्मियन काळात जमिनीवर सत्ता होती ती आपल्या घराण्याची.

ती संपली कशी, हे पाहण्यासाठी पुन्हा विदर्भात यावे लागते. बराकरच्या वर नागपूरजवळच्या कामठीचे नाव मिळालेला वालुकाश्म आहे: पिवळसर, तांबूस, जागोजागी लोहाने गडद झालेला. कोळशाचे जाड थर इथे संपतात. दलदली आक्रसल्या, पाण्याची पातळी ऋतूंप्रमाणे वर-खाली होऊ लागली आणि हवेच्या संपर्कात आलेले लोह गंजून लाल झाले. कामठीजवळच्या दगडखाणींमधून एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला ग्लॉसोप्टेरिसची सुंदर पाने गोळा केली ती नागपूरचे मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांनी. नागपूरच्या हिस्लॉप महाविद्यालयाला त्यांचे नाव आहे, पण त्यांनी आणि रॉबर्ट हंटर यांनी १८५५ मध्ये नागपूर परिसराच्या भूविज्ञानावर जे लिहिले, ते तिथे शिकलेल्यांपैकी किती जणांना माहीत असेल, असा प्रश्न मला पडतो. १८६३ मध्ये टाकळघाटची प्राचीन शिळावर्तुळे पाहून परतताना ते पुरात बुडून मरण पावले.

नागपूरच्या दक्षिणेस मांगली येथील लाल वालुकाश्मातून हिस्लॉप आणि हंटर यांच्याकडे एक रुंद, चपटी, पसरट कवटी आली. ती लंडनला रिचर्ड ओवेन यांच्याकडे गेली. १८४२ मध्ये ‘डायनोसॉर’ हा शब्द घडवला तो याच ओवेन यांनी. १८५५ मध्ये त्यांनी या कवटीला ब्रॅकिऑप्स लॅटिसेप्स हे नाव दिले, ‘आखूड चेहऱ्याचा, रुंद डोक्याचा’. पाण्यात दबा धरून बसणारा हा उभयचर प्राणी. मांगलीचे थर पर्मियननंतरच्या ट्रायासिक काळाच्या आरंभीचे, म्हणजे सुमारे २५ कोटी वर्षांपूर्वीचे मानले जातात. कामठीच्या पानांचा काळ आणि मांगलीच्या कवटीचा काळ यांच्यामध्ये पृथ्वीवरील सर्वांत मोठा विनाश होऊन गेला होता.

चीनमधील मेइशान येथील राखेच्या थरांवरून त्या विनाशाचा क्षण सुमारे २५.१९ कोटी वर्षांपूर्वीचा ठरवला गेला आहे. सैबेरियात तेव्हा लाव्हाचे प्रचंड उद्रेक चालू होते. हानी केवळ लाव्हामुळे झाली नाही. तो लाव्हा वर येताना कोळशाच्या आणि मिठाच्या जाड थरांमधून गेला, त्यांना त्याने भाजले, आणि कोट्यवधी वर्षे गाडलेला कार्बन थोड्याच अवधीत हवेत परतला. उष्ण प्रदेशातील समुद्राचे पाणी सुमारे ८ ते १० अंशांनी तापले, त्यातील प्राणवायू घटला आणि समुद्रातील दहापैकी आठ-नऊ जाती नष्ट झाल्या. जमिनीवर ग्लॉसोप्टेरिसची जंगले गेली. ऑस्ट्रेलियातील नोंदींनुसार ती समुद्रातील विनाशाच्या काही लाख वर्षे आधीच कोसळली होती. त्यानंतर जवळजवळ एक कोटी वर्षे जगात कुठेही कोळशाचा थर तयार झाला नाही. पीट साचवू शकेल असे झाडच उरले नव्हते.

वाचलेल्यांपैकी एक होता लिस्ट्रोसॉरस, डुकराएवढा डायसिनोडॉन्ट. दामोदर खोऱ्यातील पंचेत थरांत, दक्षिण आफ्रिकेत आणि अंटार्क्टिकात तो इतक्या संख्येने सापडतो, की काही ठिकाणी दर दहा सांगाड्यांमागे बहुतेक त्याचेच असतात. परंतु त्याच्या वंशाला पूर्वीचे वैभव परत मिळाले नाही. मोकळ्या झालेल्या जागा दोन पोकळ्यांच्या कवटीच्या वंशाने हळूहळू भरल्या.

त्याचा पुरावा गडचिरोलीच्या सीमेपलीकडील मालेरी येथे आहे. तिथल्या ट्रायासिकच्या उत्तरार्धातील लाल मातीतून हिस्लॉप यांनीही जीवाश्म मिळवले होते, आणि तिथल्या सुसरीसारख्या पॅरासुकस या प्राण्याच्या जातीला पुढे त्यांच्याच नावावरून ‘हिस्लॉपी’ असे नाव दिले गेले. विसाव्या शतकात या प्राण्याचे दोन पूर्ण सांगाडे मिळाले, आणि त्यांच्या पोटाच्या जागी मालेरीसॉरस नावाच्या लहान सरीसृपाची हाडे होती, त्यांचे शेवटचे जेवण. याच मालेरी थरातून एका लहानशा प्राण्याच्या जबड्याचे आणि काही इतर हाडांचे तुकडे वेचले गेले. त्याला आता अल्वॉकेरिया म्हणतात, आणि भारताच्या सर्वांत जुन्या डायनोसॉरांमध्ये त्याची गणना होते. पॅरासुकसच्या जबड्यात सहज मावला असता, एवढाच तो होता.